पहाटेचा पहिला तास: उमेद मिळवण्याची रीत

पहाटे उठण्याचा बेत फसला की दोष आळसाला दिला जातो. बहुतेक वेळा चूक हिशेबात असते. झोप कापलेली असते, उठल्या उठल्या अंधाऱ्या खोलीत मोबाइल पाहिलेला असतो, आणि डोळे धड उघडायच्या आधीच ‘आपलं पुढे काय होणार’ हा प्रश्न स्वतःला विचारलेला असतो. अशा पहाटेतून हुरूप येत नाही, मरगळ मात्र येते. आदल्या संध्याकाळपासून सूर्य वर येऊन अर्धा तास होईपर्यंत काय करायचं, किती वेळ करायचं आणि गाडी कुठे अडते, ते नव्याने सुरुवात करणाऱ्यांसाठी इथे क्रमाने दिलं आहे.

सगळ्याचा गाभा आधी सांगून ठेवतो, कारण पुढे काही विसरलं तरी एवढं लक्षात राहायला हवं. जाग आल्यानंतरची पहिली २० ते ३० मिनिटं मेंदू पुरता जागा झालेला नसतो. या वेळात कुठलाही निर्णय घ्यायचा नाही आणि आयुष्याचा हिशेब मांडायचा नाही. आधी शरीर दाराबाहेर न्यायचं, मग डोळ्यांना उजेड द्यायचा, मग वही उघडायची. हा क्रम उलटा झाला की पहाट अंगावर येते.

वेळ सूर्यावरून ठरवा

‘पाच म्हणजे पाच’ असा आकडा धरून बसू नका. तुम्ही राहता तिथे सूर्योदय किती वाजता आहे ते आधी पाहा. हवामानाच्या कुठल्याही अ‍ॅपवर ते मिळतं. सूर्योदय म्हणजे सूर्याची वरची कड क्षितिजावर दिसते तो क्षण. त्याआधी उजेड तीन टप्प्यांनी वाढत येतो. सूर्य क्षितिजाखाली १८ अंशांवर आला की सर्वांत मंद तारे विरायला लागतात, पण आपल्याला तेव्हा रात्रच वाटते. १२ अंशांवर आला की क्षितिजाची रेघ ओळखू येते, झाडांचे आकार वेगळे होतात. झुंजूमुंजू होतं ते इथून. ६ अंशांवर आला की दिव्याशिवाय पायाखालची वाट दिसते. विषुववृत्ताजवळच्या प्रदेशात हा शेवटचा टप्पा २१ ते २५ मिनिटांत उरकतो. ध्रुवांकडे जावं तसा तो लांबतो, आणि तिथल्या उन्हाळ्यात तासाच्याही वर जातो.

आपल्याला गाठायचा आहे तो हा शेवटचा टप्पा. त्यासाठी सूर्योदयाच्या ५० मिनिटं आधी जाग आणि ३० मिनिटं आधी दाराबाहेर, एवढं पुरतं. सूर्योदय ६:३० ला असेल तर गजर ५:४० चा आणि दाराबाहेर ६ वाजता. आता इथून मागे मोजा. साडेसात तास झोप हवी, म्हणजे १०:१० ला झोप लागलेली हवी. अंथरुणावर पडल्यापासून डोळा लागेपर्यंत १५-२० मिनिटं जातात, म्हणून ९:५० ला आडवं व्हायचं. तुमच्या घरात ९:५० ला आडवं होणं जमणारच नसेल, तर गजर पुढे न्या. सूर्योदयानंतर अर्ध्या तासाने बाहेर पडलात तरी कोवळं ऊन मिळतंच.

झोपेतून वेळ कापायचा नाही, हे आम्ही आग्रहाने सांगतो, आणि त्याला कारण आहे. प्रौढ माणसाला निदान ७ तास झोप लागते, किशोरवयात ८ ते १०. रात्रीची झोप साधारण दीड-दीड तासाच्या फेऱ्यांनी होते, आणि स्वप्नांची झोप शेवटच्या फेऱ्यांत सर्वांत जास्त असते. दिवसभराचे मनावरचे ओरखडे निवायला याच झोपेची मदत होते. बाराला झोपून पाचला उठणारा माणूस नेमका हा हिस्सा गमावतो, आणि मग ‘पहाटे उठूनही मन उदास का’ म्हणून कोड्यात पडतो.

शरीराचं घड्याळ हळूहळू मागे आणा

डोळ्यांच्या दोन्ही नसा मेंदूच्या तळाशी जिथे एकमेकींना ओलांडतात, त्याच्या लगेच वर सुमारे २०,००० पेशींचा एक लहानसा पुंजका असतो. झोप, जाग, शरीराचं तापमान आणि संप्रेरकांची भरती-ओहोटी त्याच्या तालावर चालते. पेशींमधलं हे घड्याळ चालतं कसं, हे उलगडल्याबद्दल जेफ्री हॉल, मायकेल रॉसबॅश आणि मायकेल यंग या तिघांना २०१७ चं नोबेल मिळालं. बहुतेक माणसांत या घड्याळाचा दिवस २४ तासांहून थोडा मोठा असतो, सरासरी १० मिनिटांच्या आसपास. त्याला मोकळं सोडलं की ते पुढे सरकत जातं, म्हणूनच सुट्टीत उशिरा झोपणं सोपं जातं आणि लवकर झोपणं अवघड. त्याला रोज जागेवर आणून बसवतो तो सकाळचा उजेड.

इथे एक बारकावा आहे आणि तो माहीत नसल्यामुळे भलेभले फसतात. आपल्या नेहमीच्या उठण्याच्या वेळेआधी साधारण दोन तास शरीराचं तापमान सर्वांत खाली गेलेलं असतं. त्या नीचांकानंतर डोळ्यांत पडलेला उजेड घड्याळ अलीकडे आणतो. त्याच्या आधी पडलेला उजेड घड्याळ पलीकडे ढकलतो. रोज ९ ला उठणारा माणूस एकदम ५ ला उठून झगझगीत दिव्याखाली बसला, तर त्याच्या शरीराला ती अजून रात्रच वाटते आणि दुसऱ्या दिवशी उठणं आणखी जड होतं.

म्हणून दर तीन दिवसांनी १५ मिनिटं मागे या. झोपायची वेळ आणि उठायची वेळ दोन्ही एकत्र सरकवा. दोन तास मागे यायला आठ टप्पे लागतात, म्हणजे २४ दिवस. तिसऱ्या दिवशीही गजर वाजल्यावर अंग शिशासारखं जड वाटत असेल तर तोच टप्पा आणखी तीन दिवस ठेवा. सुट्टीच्या दिवशी फार तर एक तासाची सवलत घ्या. तीन तास जास्त झोपलात की आठवड्याची कमाई एका सकाळीत जाते.

काही माणसांची प्रकृतीच रात्री जागण्याची असते. त्यात आनुवंशिकतेचा वाटा आहे आणि वयाचाही: किशोरवयात घड्याळ पुढे पळतं, उतारवयात मागे येतं. अशा लोकांनी तांबडं फुटताना उठण्याचा हट्ट धरू नये. सूर्योदयानंतर तास-दीड तासाने उठून पुढचे सगळे टप्पे तसेच करावेत. आकाशातले रंग तेवढे हुकतील.

आदल्या संध्याकाळी

चहा-कॉफी दुपारनंतर बंद. शरीरातलं निम्मं कॅफीन उतरायला सरासरी पाच तास लागतात, म्हणजे संध्याकाळी पाचच्या कपातलं निम्मं रात्री दहालाही अंगात असतं.

झोपण्याआधीचा एक तास घरातले दिवे मंद करा, डोक्यावरचे बंद करून खालचे लावा. खोली गार आणि काळोखी ठेवा. मग दोन कामं. पहिलं, उद्या करायच्या गोष्टींची यादी कागदावर उतरवा, पाच मिनिटांत. मनात घोळणारी कामं कागदावर उतरली की डोळा लवकर लागतो. दुसरं, वहीच्या उद्याच्या पानावर एकच प्रश्न लिहा. ‘मी काय करू?’ असला सैल प्रश्न नको. ‘कथेतला हा माणूस परत का येतो?’, ‘बहिणीशी बोलायला सुरुवात कशी करू?’, ‘या खोलीत टेबल कुठे बसेल?’ असा टोकदार हवा. प्रश्न लिहिला की वही मिटायची. त्यावर पडल्या पडल्या विचार करायचा नाही.

सामान रात्रीच दाराशी ठेवा: चपला किंवा बूट, अंगावर घ्यायला गरम कपडा, पाण्याने भरलेली बाटली, वही, पेन आणि लहान बॅटरी. पहाटे चप्पल शोधायला लागली की बेत तिथेच मोडतो. अर्ध्या झोपेतल्या माणसाला परत अंथरुणात शिरायला तेवढं निमित्त पुरतं. मोबाइल रात्री दुसऱ्या खोलीत. गजराचं साधं घड्याळ घ्या आणि ते अंथरुणापासून चार-पाच पावलांवर ठेवा.

गजर वाजल्यावरची वीस मिनिटं

१. उठून गजर बंद करा आणि पुढे ढकलू नका. नऊ-नऊ मिनिटांची तुटक झोप साखरझोपेसारखी गोड वाटते, पण तिच्यात खोल विश्रांती होत नाही आणि पुढची प्रत्येक जाग पुन्हा पेंगतच येते.

२. स्वप्नाचा तुकडा, एखादा शब्द, एखादं चित्र डोक्यात असेल तर तेवढं उभ्यानेच लिहा. तीन-चार शब्द पुरेत. स्वप्नं काही मिनिटांत विरून जातात. झोप आणि जाग यांच्या उंबरठ्यावर मन सैल असतं, लांबच्या दोन गोष्टी तिथे सहज एकमेकींना चिकटतात. रात्रीच्या प्रश्नाचं उत्तर अशा वेळी अर्धवट रूपात येऊ शकतं. ते चांगलं की वाईट हे आत्ता ठरवू नका.

३. पाणी प्या, तोंडावर गार पाणी मारा, कपडे चढवा.

४. दार उघडा.

या वीस मिनिटांत वाईट विचार येतील. ‘काही अर्थ नाही’, ‘आजही तेच’, ‘माझ्याच्याने होणार नाही’. ते खरे वाटतात, कारण विचारांना तोलून पाहणारा मेंदूचा पुढचा भाग सर्वांत सावकाश जागा होतो. सुस्तीची ही झापड सहसा अर्ध्या तासात उतरते. झोप अपुरी असेल तर तास-दोन तासही रेंगाळते. विचार आला तर मनात एवढंच म्हणा: ‘हे बाहेर जाऊन आल्यावर बघू.’ त्याच्याशी वाद घालू नका, त्याला समजावत बसू नका. त्या क्षणी वाद जिंकण्याइतकं डोकं चालत नसतं. पाय मात्र चालतात.

बाहेर: आकाशाखाली पाऊण-एक तास

जागा साधी असू द्या. गच्ची, अंगण, गॅलरी, जवळचं मैदान, काहीही चालेल. पूर्व आणि पश्चिम दोन्हीकडचं आकाश दिसलं तर उत्तम. अंधारात एकट्याने बाहेर जाणं सुरक्षित नसेल तर गच्ची किंवा उघडी खिडकी निवडा. काच बंद ठेवू नका, काचेतून आणि खिडकीच्या चौकटीतून उजेड बराच कमी होतो. घरात कुणाला तरी सांगून जा. पाण्याच्या कडेला, कठड्याजवळ, रहदारीच्या रस्त्यावर अर्धवट झोपेत उभे राहू नका.

पहिली पाच मिनिटं नुसते उभे राहा. डोळे अंधाराला सरावू द्या, बॅटरी विझवा. मग खालच्या गोष्टी एकेक करून शोधा. नवख्या माणसाला ‘निसर्ग अनुभवा’ असं सांगून काही उपयोग होत नाही. नेमकं काय बघायचं ते माहीत असलं की मन आपोआप स्वतःवरून उठून समोर जातं.

आधी तारे. पूर्वेला एखादी चांदणी बाकीच्यांहून कितीतरी ठळक आणि न लुकलुकता दिसत असेल तर तो बहुधा शुक्र. तो सूर्यापासून ४७ अंशांपेक्षा लांब जाऊ शकत नाही, म्हणून काही महिने पहाटे दिसतो, काही महिने संध्याकाळी. अमावास्येच्या आधीचे दोन-तीन दिवस पूर्वेला चंद्राची बारीक कोर उगवते. नीट पाहिलंत तर कोरीच्या आतला काळोखा भागही राखाडी उजळलेला दिसतो. तो उजेड पृथ्वीवरून परतून गेलेला असतो.

मग पश्चिमेकडे वळा. हे बहुतेकांच्या ध्यानातच येत नाही, सगळे पूर्वेकडे तोंड करून उभे असतात. आकाश स्वच्छ असेल तर सूर्योदयाआधी १५-२० मिनिटं पश्चिमेच्या क्षितिजावर निळसर-राखाडी पट्टा आणि त्याच्या वर गुलाबी पट्टा दिसतो. खालचा निळसर पट्टा म्हणजे खुद्द पृथ्वीची सावली, वातावरणावर पडलेली. तुम्ही बघत असतानाच ती खाली सरकत क्षितिजाआड बुडते. रात्र संपते म्हणजे काय होतं, हे इतकं उघड दुसरीकडे कुठे दिसत नाही. ते बघायला सलग दहा मिनिटं द्या.

पाखरांकडे कान ठेवा. सगळे पक्षी एकदम बोलत नाहीत. मोठ्या डोळ्यांचे पक्षी कमी उजेडात आधी सुरू करतात, असं पाहणीत आढळलं आहे. पहिला आवाज कुठल्या दिशेने आला आणि सूर्योदयाआधी किती मिनिटं, एवढी नोंद रोज ठेवा. महिन्याभरात तुम्हाला क्रम ओळखू येतो, आणि पुढचा आवाज कुणाचा येणार याची वाट पाहणं सुरू होतं. उमेद परत येते तेव्हा ती अनेकदा अशा बारीक वाट पाहण्यातून येते, म्हणून या नोंदीला आम्ही फार मोल देतो.

सूर्यबिंब वर यायला वेळ किती लागतो ते मोजा. पृथ्वी तासाला १५ अंश फिरते आणि सूर्याची थाळी साधारण अर्ध्या अंशाची, म्हणून विषुववृत्ताजवळ पहिली कड दिसल्यापासून पूर्ण बिंब मोकळं व्हायला दोन मिनिटांहून थोडा जास्त वेळ जातो. इतरत्र आणखी जास्त. थेट सूर्याकडे टक लावून पाहू नका. बाजूचे ढग, झाडांचे शेंडे, भिंतीवर पडलेला पहिला प्रकाश बघा. सूर्य उगवला म्हणून गरम कपडाही लगेच काढू नका. जमिनीतून निघून जाणारी उष्णता सूर्याकडून येणाऱ्या उष्णतेपेक्षा अजून काही वेळ जास्तच असते, त्यामुळे दिवसाचा सर्वांत गार क्षण सूर्योदयानंतर लगेच येतो.

बिंब वर आलं की पुष्कळ जण लगबगीने घरात जातात. तिथेच चुकतं. डोळ्याच्या पडद्यात निळसर उजेडाला जागणाऱ्या काही खास पेशी असतात. त्यांचं काम चित्र पाहण्याचं नाही, शरीराच्या घड्याळाला ‘दिवस झाला’ असं कळवण्याचं आहे. त्यांना भरपूर उजेड लागतो. उजेड लक्स या मापात मोजतात: दिव्याच्या खोलीत तो १०० ते ३०० लक्स असतो, सूर्योदयाच्या क्षणी बाहेर काही शे लक्स, आणि त्यानंतर अर्ध्या तासात तो हजारांच्या घरात जातो. म्हणून सूर्योदयानंतर निदान २० मिनिटं बाहेर राहा, ढगाळ असेल तर ४०. डोळ्यांवर काळा चष्मा नको. हा वेळ चालण्यात घाला, गती इतकी की बोलता येईल.

चालताना रोज एक तरी गोष्ट अशी शोधा जी काल पाहिली नव्हती. वयस्क लोकांवरच्या २०२० साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात काहींना आठ आठवडे, आठवड्यातून एकदा १५ मिनिटं, असं नवलाच्या नजरेने चालायला सांगितलं होतं आणि इतरांना नुसतं चालायला. पहिल्या गटात आनंद आणि कृतज्ञतेच्या भावना वाढल्या. फिरताना त्यांनी काढलेल्या स्वतःच्या फोटोंमध्ये त्यांचं हसू दिवसेंदिवस मोठं होत गेलं, आणि चौकटीत त्यांनी स्वतःला दिलेली जागा लहान होत गेली.

वही: बारा मिनिटं, एक पान

घरी आलात की आधी वही, नंतर मोबाइल. आता मेंदू जागा आहे. जाग आल्यावर शरीरात कॉर्टिसॉल या संप्रेरकाची पातळी अर्ध्या-पाऊण तासात चढलेली असते आणि अंगात तरतरी असते.

पहिली दोन मिनिटं आज काय पाहिलं त्याची एक ओळ. ‘सुंदर सकाळ होती’ असं लिहू नका, त्यातून काही हाती लागत नाही. ‘तारेवर सात पक्षी, सहा एका दिशेला, एक उलटा’ असं लिहा. लिहिणाऱ्या, चित्र काढणाऱ्या, शिकवणाऱ्या माणसाला प्रेरणा म्हणून जे लागतं ते बहुतेक वेळा असल्या ओळींच्या साठ्यातून येतं. महिन्याला तीस ओळी जमतात. कोऱ्या पानासमोर बसायची वेळ आली की त्यातली एक उचला आणि तिच्यावर न थांबता दहा ओळी लिहा.

पुढची दहा मिनिटं उमेदीची. अमेरिकी मानसशास्त्रज्ञ सी. आर. स्नायडर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९१ साली आशेची एक मांडणी पुढे आणली, आणि रोजच्या वापराला तिच्याइतकी कामाची दुसरी आम्हाला माहीत नाही. त्यांच्या मते आशेत तीन गोष्टी लागतात: काय गाठायचं ते, तिथे जायच्या वाटा, आणि त्या वाटेने आपण चालू शकू हा भरवसा. आशा संपली असं आपण म्हणतो तेव्हा बहुधा यातली एकच गोष्ट संपलेली असते. कुठली ते शोधायचं.

पानावर चार ओळी लिहा.

काय हवं ते, आठवड्याच्या मापात. ‘मला काम मिळो’ याऐवजी ‘शनिवारपर्यंत तीन ठिकाणी अर्ज’.

दोन वाटा. एकच वाट लिहिलीत तर ती बंद झाल्यावर सगळंच बंद झाल्यासारखं वाटतं. दुसरी वाट अवघड, लांबची असली तरी चालेल, पण ती कागदावर हवी.

एक अडथळा आणि त्यावरचा उपाय, जर-तरच्या भाषेत. ‘जर दुपारी कंटाळा आला, तर बाहेर दोन चकरा मारून परत बसेन.’

आजचं पहिलं पाऊल, दहा मिनिटांत होणारं, वेळ आणि जागेसह. ‘सात वाजता, खिडकीजवळच्या टेबलावर, पहिल्या अर्जाचा मजकूर.’

काही दुःखं अशी असतात की त्यांत गाठायचं असं काही उरत नाही. घरातलं माणूस बरं होणार नसतं, किंवा गेलेलं असतं. तिथे पहिल्या ओळीपाशी पेन अडतं, आणि अडलं तर त्याला ढकलू नये. अशा वेळी ओळ बदलून लिहा: ‘आज कुणाची, कशी काळजी घेईन.’ त्यांच्या उशाशी अर्धा तास बसणं, त्यांच्या झाडांना पाणी घालणं, स्वतः वेळेवर जेवणं. उद्याबद्दल काही म्हणता येत नसेल तर पान दुपारी बारापर्यंतचंच ठेवा. त्या काळात तेवढी उमेद पुरेशी मानावी.

वही मिटल्यावर लगेच ते पहिलं पाऊल उचला. दहा मिनिटं घड्याळ लावा आणि वाजल्यावर थांबायची मुभा ठेवा. भरवसा विचार करून वाढत नाही. काल ठरवलेलं आज झालं हे दिसलं की वाढतो. पूर्ण झालेल्या पावलापुढे बरोबरची खूण करा.

कुठे बिनसतं

दहाव्या दिवसाच्या सुमारास दुपारी जबर झोप येते. याचा अर्थ उठण्याची वेळ मागे आली, झोपण्याची आली नाही. दुपारी ३ च्या आत २० मिनिटं डुलकी घ्या, आणि त्या रात्री अर्धा तास आधी आडवे व्हा.

वहीत रोज तीच रड उतरते. पान उलटून पाहा: पहिल्या ओळीत आठवड्याच्या मापाचं काही आहे का? बहुधा तिथे ‘सगळं सुधारायचं आहे’ असं काहीतरी असतं. ओळ छोटी करा.

पहाटेच्या वेळेत व्यायाम, वाचन, ध्यान, नवी भाषा असं सगळं कोंबलं जातं. पहिले दोन महिने आकाश, चालणं आणि वही एवढंच ठेवा.

पाऊस, धुकं, दाट ढग. पांघरूण घेऊन आडोशाला उभे राहा. ढगातूनही उजेड घरातल्या दिव्यांच्या कितीतरी पट असतो. रंग दिसणार नाहीत, पाखरं ऐकू येतील. जिथे हिवाळ्यात सूर्य फार उशिरा उगवतो तिथे १०,००० लक्सचा खास दिवा उठल्यावर २० ते ३० मिनिटं डोळ्यांच्या थोडा बाजूला ठेवून वापरतात. डोळ्यांचा आजार असेल किंवा मन कधी उधाणाला तर कधी गर्तेत जाण्याचा त्रास असेल, तर असा दिवा डॉक्टरांना विचारल्याशिवाय वापरू नका.

आणि एक फरक नीट ओळखा. ठरवून पहाटे उठणं वेगळं, आणि नको असताना रोज दोन-दोन तास आधी टक्क जाग येऊन छातीवर दगड ठेवल्यासारखं वाटणं वेगळं. दोन आठवड्यांहून जास्त काळ असं होत असेल, सकाळी मन सर्वांत खचलेलं आणि संध्याकाळी जरा बरं असेल, कशातच रस उरला नसेल, तर ते नैराश्याचं लक्षण असू शकतं आणि त्यावर उपचार आहेत. डॉक्टरांकडे जा. मरणाचे विचार येत असतील तर आजच जा, आणि जाईपर्यंत कुणाला तरी जवळ बसवून घ्या. या लेखातले टप्पे उपचारांच्या जोडीला चालतील, त्यांच्या जागी नाही.

किती दिवसांनी अंगवळणी पडतं

एकवीस दिवसांचा आकडा सगळीकडे ऐकू येतो, त्यावर विसंबू नका. लंडनमध्ये ९६ जणांवर झालेल्या आणि २०१० साली छापलेल्या अभ्यासात साधी सवय आपोआप होऊ लागायला मधला आकडा ६६ दिवसांचा निघाला. वेगवेगळ्या माणसांचा अंदाज १८ पासून २५४ दिवसांपर्यंत पसरलेला होता. त्याच अभ्यासात एखादा दिवस चुकल्याने फारसं काही बिघडलं नाही.

तेव्हा एखादी पहाट हुकली तर दुसऱ्या दिवशी भरपाई म्हणून आणखी लवकर उठू नका. ज्या वेळी उठाल त्या वेळी दहा मिनिटं उजेडात उभे राहा, वहीत तारीख घालून ‘आज उशीर झाला’ एवढंच लिहा, आणि रात्री चपला, बाटली, वही पुन्हा दाराशी नेऊन ठेवा.